नाल्यापाशी थांबणाऱ्या बायका

चिखलीच्या पुढे

वसईच्या माणसाला उघड्या रानाची भीती वाटते, हे मला बुलडाणा जिल्ह्यात गेल्यावर कळलं. आमच्याकडे केळीची बाग, नारळ, विहीर, शेजाऱ्याचं कुंपण, असं काही ना काही नजरेला अडतं. इथे चिखली मागे पडली आणि जीपच्या दोन्ही बाजूंना नुसती कपाशी. कपाशी, मध्येच तुरीची एखादी ओळ, परत कपाशी. मी पदराखाली जपमाळ धरून बसले होते.

करुणाबाई माझ्या शेजारी डोळे मिटून बसल्या होत्या. त्या नसत्या तर मी पुण्याच्याही पुढे आले नसते. शाळा माझी सहावीतच सुटली, कारण घरच्या मोगऱ्याला खुडणारे हात कमी पडायचे. नवरा वारल्यावर सासरी कुणी मला विचारलं नाही. बाईंनी मला पुण्याला आपल्या घरी ठेवून घेतलं, स्वयंपाक माझ्या हाती दिला आणि संध्याकाळी मोठ्याने वर्तमानपत्र वाचायला लावलं. तेव्हा मला चार ओळी नीट लिहिता येतात त्या त्यांच्यामुळे. या ओळीही त्यांनीच लिहायला सांगितल्या. म्हणाल्या, "फिलू, माझ्या पुस्तकात जे येणार नाही ते तू लिही."

बाई धर्मशास्त्र शिकवतात. पाळक होऊ घातलेली मुलं त्यांच्या हाताखालून जातात, पण बाई स्वतः पाळक नाहीत. त्यांच्या मंडळीत बाईला ती दीक्षा मिळत नाही. पवित्र शास्त्रात बायकांबद्दल काय लिहिलंय आणि ते नीट न वाचताच पुरुषांनी काय काय ठरवून टाकलंय, हा त्यांचा अभ्यास. मी पडले मरियेला मानणारी, त्या पडल्या प्रोटेस्टंट. पण आमचं भांडण फक्त मिठावरून होतं. या वेळी त्यांना एकच गोष्ट विचारायची होती. इकडच्या काही गावांत ख्रिस्ती बायका मयताबरोबर कबरस्तानात जात नाहीत. का जात नाहीत? बाईंचे गुडघे दुखतात, म्हणून सोबतीला मी. "आणि तुझ्याशी बायका बोलतात," त्या म्हणाल्या, "मला नुसती उत्तरं देतात."

अमडापूरला चहासाठी उतरलो. बाकावर बसलेल्या एका माणसाने आम्हाला वरून खाली पाहिलं.

"कोन्या संस्थेच्या? प्रचार करून राह्यल्या काय इकडं?"

"नाही हो," बाई म्हणाल्या, "बायकांशी बोलायला आलोय."

"बायकाशी बोलून काय भेटते?" तो म्हणाला, आणि सगळं दुकान हसलं.

हसले म्हणजे मारणार नाहीत, असं मी मनाला सांगितलं. तोवर अर्धा चहा बाईंच्या लुगड्यावर सांडला होता. जीपवाले सलीमभाई त्या माणसाला म्हणाले, "अबे, पाहुण्या हायेत. च्या तं पिऊ दे सुखानं." आणि मला म्हणाले, "तुमी भेऊ नका ताई. ह्याची घरवाली ह्याच्याशी बोलत नाही, म्हून दुसऱ्याच्या बायकाइची चौकशी करते."

मार्थाबाईचं घर

गावाचं नाव लिहीत नाही. ख्रिस्ती घरं तिथे इतकी थोडी आहेत की नाव लिहिलं तर माणसं ओळखू येतील.

आम्ही उतरलो मार्थाबाईकडे. विधवा बाई, उंच, बोलायला कमी. बरोबर एकुलती एक मुलगी, रूथ. रूथला नवऱ्याने टाकलं होतं आणि ती दोन वर्षांपासून आईजवळच होती. घरातलं सगळं बोलणं आईच्या वाट्याचंही तीच बोलायची.

पहिल्या जेवणाला कळण्याची भाकर आणि हिरव्या मिरचीचा ठेचा. ज्वारीत उडीद घालून दळतात, ती कळण्याची भाकर काळसर आणि चवदार. ठेच्याने मात्र माझे कान बंद झाले. आम्ही नारळाच्या दुधात वाढलेली माणसं! रूथने हसत हसत गुळाचा खडा पुढे केला.

"मावशी, तुमच्या तिकडं समुद्र हाय न? त्याले काठ एकाच बाजूनं राह्यते काय?"

"आपल्या बाजूने एक. दुसरा दिसत नाही."

"मंग भेव नाही वाटत?"

"तुमच्या कपाशीचं वाटतं तेवढं नाही," मी म्हणाले. ती इतकी हसली की मार्थाबाईही ओठ दाबून हसली.

रूथ फवारणीला जायची. पूर्वी हे पुरुषांचं काम, बायका फक्त पाणी आणून द्यायच्या. आता पुरुष सुरतेला नाहीतर पुण्याला गेलेले, म्हणून पाठीवर पंप घ्यायला पोरीच उरल्या. "बीटीचं बियानं आलं तवा म्हणत, आता फवाराच लागनार नाही," ती म्हणाली. "आता पाहा. आळीले बीटीच गोड लागून राह्यलं." त्या सालची कपाशी तिच्या डोक्यावरून गेली होती. त्यात शिरून फवारायचं म्हणजे औषध पानावर पडतं तेवढंच तोंडावर पडणार. तोंडाला ती ओढणी गुंडाळायची, बस्स. संध्याकाळी ती आली की घरात औषधाचा उग्र वास शिरायचा. मी तिला साबण लावून परत परत हात धुवायला लावायचे.

"आई, ही मावशी तं मले भांड्यावानी घासते," ती म्हणायची.

मला तिथे सगळ्याचीच भीती वाटत होती. सापाची, पाण्याची, शौचाला शेतात जाण्याची. पण त्या वासाची भीती वेगळी होती.

आधी कोण गेलं

चौथ्या दिवशी दुपारी बायका जमल्या. चर्च म्हणजे पत्र्याची एक खोली. पाळक महिन्यातून एकदा येतात, कारण त्यांच्याकडे पुष्कळ गावं. एरवी प्रार्थना आणि मयतमाती शमुवेलबाबा बघतात. सत्तरीचे असतील, धोतर आणि पांढरी टोपी. ते आत आले नाहीत, पायरीवर पाठ करून बसले. पण कान आमच्याकडेच होते.

बाईंनी सरळच विचारलं, "माती द्यायला तुम्ही कुठपर्यंत जाता?"

"नाल्यालोक," सगळ्या एकदम म्हणाल्या. म्हणजे नाल्यापर्यंत; कबरस्तानाच्या आधी एक नाला आहे. बायका त्याच्या अलीकडे बसतात, पुरुष पेटी घेऊन पलीकडे जातात.

मी म्हणाले, "आमच्या वसईत नोव्हेंबरात मयतांच्या दिवशी बायकाच थडगी धुतात. फुलं लावतात, मेणबत्त्या लावतात. पोरं तिथेच खेळतात."

त्यांना हे खोटं वाटलं. एकीने "अवं माय!" म्हणून तोंडावर हात ठेवला.

मग बाई म्हणाल्या, "बरं, रविवारी पहाटे, क्रुसावर मेलेल्या प्रभूच्या कबरेकडे आधी कोण गेलं?"

"बायका," मार्थाबाई म्हणाली. ती पहिल्यांदाच बोलली.

"आणि पुरुष कुठे होते?"

"दार लावून बसले होते भेऊन."

"मग ज्यांच्या शास्त्रात बायका कबरेपर्यंत जातात, त्यांच्या बायका नाल्यापाशी का थांबतात?"

कोपऱ्यातून सालोमीआजी म्हणाली, "त्याईले रस्त्यात नाला नसन लागला!" आजीचं तोंड बोळकं, पण जीभ धारदार. सगळ्या खो खो हसल्या. मार्थाबाई तेवढी हसली नाही. ती बाईंकडे बघत होती.

पायरीवरून शमुवेलबाबा न वळता बोलले. "बाई, तुमी शिकल्या-सवरल्या. पन आमचंबी ऐका. आमच्या बापजाद्यानं धर्म बदलला तवा गाव म्हणे, याईच्या बायका आता लाज सोडतीन. त्याईनं सांगतलं, नाही सोडनार. गावातल्या बायका जात नाही तं आमच्याबी जानार नाही. म्हून आमाले गावात राहू देल्लं."

बाईंनी मान हलवली. त्या रात्री जेवताना म्हणाल्या, "म्हातारा खरं बोलला, फिलू. शास्त्रातून आलेली रीत नाही ही. भीतीतून आलीय." भीतीतून आलेलं मला लगेच समजतं. मला शमुवेलबाबांचा राग येईना.

रूथ

पुढच्या दिवशी दुपारी रूथ शेतातून लवकर आली. भिंत धरून उभी राहिली आणि म्हणाली, "आई, मले दोन दोन दिसून राह्यलं." मग ओकली. तोंडातून लाळ थांबेना. घाम असा, की जणू विहिरीतून काढली.

मार्थाबाईने तिला अंगावरच्या कपड्यांसकट न्हाणीत बसवून पाणी ओतलं. मी बादल्या भरून देत होते. बाईंनी सलीमभाईंना फोन लावला. जीप येईपर्यंत रूथचे हातपाय झटके देऊ लागले. तिला मागच्या सीटवर आडवी घातली, डोकं मार्थाबाईच्या मांडीवर. जाताना ती माझ्याकडे बघत होती, पण मी तिला दिसत होते की नाही, कोण जाणे.

आम्ही दोघी घरात राहिलो. आधी चिखली, मग तिथून बुलडाणा, असे निरोप येत गेले. बाई प्रार्थना करत होत्या, मी जपमाळ ओढत होते. दुसऱ्या दिवशी सकाळी सलीमभाईंचा फोन आला. बाईंनी तो कानाला लावला आणि खाली बसल्या.

सरकारी सोपस्कार होऊन दुपार कलताना जीप रूथचं मयत घेऊन परत आली. सलीमभाई उतरले आणि तोंड फिरवून उभे राहिले.

अंगणात

पेटी तयार होती. शमुवेलबाबांनी अंगणात उभं राहून सांगितलं, "मेहकरकडून तिचा चुलतभाऊ येऊन राह्यला. पह्यली माती तो देईन."

मार्थाबाई मुलीच्या उशाशी बसली होती. वर बघून म्हणाली, "त्यानं तिले कधी पाह्यलं? लग्नातबी नोता आला."

"रीत हाय माय. रक्ताचा गडीमानूस लागते."

"रक्ताची मी हाय न. माह्या पोरीले माती मी देतो."

खांदा द्यायला आलेला एकजण म्हणाला, "बाई नाल्याच्या पल्याड आली तं आमी पेटी खाली ठेवू." दुसऱ्या कुणी त्याला अडवलं नाही.

मार्थाबाई करुणाबाईंकडे वळली. "बाई, तुमी सांगा याईले. परवा आमाले सांगतलं तसंच सांगा."

पाळकांच्या भरल्या सभेत पदर खोचून भांडणाऱ्या बाई मी पाहिल्यात. इथे त्या हळू म्हणाल्या, "मार्थाबाई, मी दोन दिवसांनी निघून जाईन. तुम्हाला यांच्यातच राहायचंय. माझ्या बोलण्याने उद्या तुमच्या दाराशी कुणी आलं नाही, तर?"

"मंग परवा कायले सांगतलं?"

खरं लिहायचं तर त्या गप्प झाल्या तेव्हा मला हायसं वाटलं. आता भांडण होणार नाही, आपण सुखरूप पुण्याला जाऊ, एवढंच माझ्या डोक्यात आलं.

तेवढ्यात मार्थाबाईने माझा मनगटापाशी हात धरला. "तुमच्या गावात जातेत न बायका? मंग तू चाल माह्यासंगं."

पाण्यातून

पेटी पुढे, पुरुष मागे, त्यांच्या मागे अंतर ठेवून बायका. वाट कपाशीतून जाते. सकाळीच कुणीतरी फवारलं होतं. पानं अजून चिकट दिसत होती आणि तोच वास होता. मी पदर नाकाला लावला. दुसरा हात मार्थाबाईच्या मुठीत. तिची मूठ गार होती आणि सैल पडत नव्हती.

नाल्याला घोटाभर पाणी होतं. पुरुष त्यातून पलीकडे गेले. बायका ठरल्यासारख्या अलीकडे बसल्या, सालोमीआजीही बसली. मार्थाबाई उभीच. मी हळूच म्हणाले, "बसूया ना." तिने ऐकलं नाही आणि पाण्यात पाय टाकला.

मी धीर करून गेले, असं कुणाला वाटायला नको. मला हात सोडवता आला नाही. पाण्यात माझी एक चप्पल गेली, ती घ्यायलाही वाकू दिलं नाही तिने. मागे पुन्हा पाण्याचा आवाज झाला. वळून बघते तर करुणाबाई. लुगडं वर धरलेलं, गुडघ्यांमुळे एकेक पाऊल चाचपत येत होत्या. तोंड पांढरंफटक पडलेलं.

पुढे पुरुष थांबले. बोलले होते तसंच केलं. पेटी वाटेवर खाली ठेवली आणि बाजूला झाले.

कपाशीत कुठे वाराही नव्हता. मला वाटलं, आता कुणीतरी हात उचलेल. पळायचं तर कुठे, हे मी बघून ठेवलं. सगळीकडे तीच डोक्याएवढी झाडं. सलीमभाई नाल्याकाठी लांब उभे होते. त्यांना मी मनातल्या मनात हाका मारत होते.

मार्थाबाईने माझा हात सोडला. पेटीजवळ मातीत बसली आणि झाकणावर तळवा ठेवला.

"ठेवली तं ठेवली," ती म्हणाली. आवाज चढवला नाही. "पोरीपाशी बसतो मी. याले तं कोणाची ना नाही?"

तो मेहकरचा चुलतभाऊ, तरणाताठा, बुटाने माती उकरत होता. पश्चिमेला आभाळ भरून येत होतं आणि खड्डा उघडा होता. ते सगळ्यांनाच दिसत होतं. एकजण कुजबुजला, "बाबा, पानी येईन."

शमुवेलबाबा पुढे आले. मार्थाबाईसमोर उभे राहिले. मग माझ्या अनवाणी पायाकडे आणि बाईंच्या पायांकडे बघून म्हणाले, "आत चपला घालून कोनी येत नाही."

एवढंच. मी उरलेली चप्पल काढली. बाईंनीही काढली. पुरुषांनी पेटी उचलली.

कबरस्तान म्हणजे मोठं काही नव्हतं. दगड, एक बोरीचं झाड, आणि तिन्ही बाजूंनी शेतकऱ्यांनी कपाशी इतकी जवळ आणलेली की काही दगड नांगराच्या तासातच आले होते. पेटी उतरली. शमुवेलबाबांनी प्रार्थना केली. चुलतभावाने माती टाकली, मग इतरांनी. झाल्यावर बाबा कबरेकडे पाठ करून उभे राहिले. त्यांचं बघून एकेक पुरुष वळला. थोड्या वेळात सगळ्यांच्या पाठी आमच्याकडे. कुणी पाहिलंच नाही, तर रीत कुणी मोडली?

मार्थाबाईने ओंजळभर माती घेतली. टाकली नाही, वाकून हात जाईल तेवढा खाली नेऊन सोडली. मग परत घेतली. पुरुष पाठमोरे उभे होते आणि कुणीही घाई केली नाही. मग मी मूठभर दिली. बाईंनी दिली तेव्हा त्या रडत होत्या. पुढे पुण्याच्या वाटेवर म्हणाल्या, "मी इतकी वर्षं प्रभूच्या कबरेकडे गेलेल्या त्या बायकांवर लिहितेय, फिलू. त्यांना किती भीती वाटली असेल, ते कधी लिहिलंच नाही."

परतीला

परत नाल्याशी आलो तर बायका तशाच बसलेल्या. सगळ्यांनी मार्थाबाईच्या हातांकडे पाहिलं. काळी माती मनगटापर्यंत होती. कुणी जवळ येईना, कुणी उठेना. मला वाटलं, आता हिला वाळीत टाकतील.

सालोमीआजीने विचारलं, "आत काय हाय व मार्था?"

"काई नाही," मार्थाबाई म्हणाली. "कपाशीच हाय."

मग तिच्या त्या धारदार जिभेतून अगदी बारीक आवाज निघाला. "माहा याकोब कोन्या बाजूनं हाय? पाह्यलं काय तुनं?"

याकोब तिचा मुलगा. तो गेला त्याला इतका काळ लोटला होता की काही बायकांनी त्याला पाहिलंही नव्हतं. मार्थाबाई काही सांगू शकली नाही. दगडांवर नावं नाहीत.

पुरुष आमच्या मागून नाला ओलांडत होते. शमुवेलबाबा आमच्या बाजूने गेले, मान खाली, कुणाकडे न बघता. चार पावलं पुढे जाऊन थांबले.

"बोरीखाली," ते म्हणाले. "चपटा गोटा हाय. कपाशीनं झाकला असन, पानं बाजूले करा." आणि चालू लागले.

आभाळ गुरगुरत होतं. पाऊस केव्हाही आला असता, आणि पेटी खाली ठेवू म्हणणारा तो माणूस पुन्हा तसंच काही करेल, ही भीती गेली नव्हती. नाल्यापलीकडे बघत आजीने जमिनीला हात टेकून उठायचा प्रयत्न केला. जमेना. तिने मला हाक मारली, "ये पोरी, हात दे," आणि मी दिला.